शंभर वर्षांची एक रात्र : ब्रिगाडूनचं धुकं

काळाची गती बदलणाऱ्या काल्पनिक धुक्यांमध्ये माझं सगळ्यात लाडकं धुकं ब्रिगाडूनचं. ॲलन जे लर्नर (संहिता, गीतं) आणि फ्रेडरिक लो (संगीत) यांचं ‘ब्रिगाडून’ हे संगीत नाटक १९४७ मध्ये ब्रॉडवेवर आलं.

स्कॉटलंडच्या डोंगराळ मुलखातलं ब्रिगाडून हे गाव नकाशावर सापडत नाही. बाहेरच्या जगातल्या अनिष्टापासून ते वाचावं म्हणून गावच्या धर्मगुरूंनी देवाला साकडं घातलं. तेव्हापासून गाव धुक्यात गडप होतं आणि दर शंभर वर्षांनी एकाच दिवसासाठी प्रकट होतं. गावकऱ्यांची मात्र मधे फक्त एक रात्र सरलेली असते! बाहेरची दोनशे वर्षं म्हणजे त्यांचे जेमतेम दोन दिवस.

हे रहस्य उलगडतं ते एका कौटुंबिक बायबलमधून. न्यूयॉर्कहून आलेला टॉमी त्यातल्या नोंदी वाचतो. आजच व्हायच्या लग्नाचं साल तिथे १७४६ लिहिलेलं, आणि ज्या फिओनावर त्याचा जीव जडलाय तिचा जन्म १७२२ चा! मला हा प्रसंग फार आवडतो. जादू सिद्ध करायला कुटुंबाच्या दोन साध्या नोंदी पुरतात.

अट एकच, पण कडक. एकही गावकरी वेस ओलांडून गेला, तर गाव कायमचं नाहीसं होणार. म्हणून प्रेमभंगाने पेटलेला हॅरी नावाचा गावकरी पळ काढतो तेव्हा अख्खं गाव त्याच्यामागे धावतं.

१९५४ च्या चित्रपटात टॉमी झालाय जीन केली. दिग्दर्शक व्हिन्सेंट मिनेली. त्यातले डोंगर आणि धुकं हॉलिवूडच्या स्टुडिओत उभारलेलं आहे. जरूर बघा.