बाराव्या रकान्यापासून

चाळिशी उलटल्यावर मी कोबोल ही संगणकाची भाषा शिकतेय आणि ती मला मनापासून आवडतेय. १९५९ साली ही भाषा घडू लागली, ग्रेस हॉपर यांच्या फ्लो-मॅटिक या आधीच्या संगणकभाषेच्या पायावर. तेव्हा प्रोग्रॅम पंचकार्डांवर असत आणि कार्डावर ८० रकाने असत. तीच शिस्त जुन्या मांडणीत आजही आहे. पहिले सहा रकाने ओळ-क्रमांकाचे, सातव्यात तारांकन टाकलं की ती ओळ नुसती टीप, आज्ञा बाराव्यापासून.

रकमेसाठी लिहायचं ‘पिक ९(५)व्ही९९’. व्ही म्हणजे दशांशचिन्हाची जागा. १२३४५.६७ रुपये साठवले जातात १२३४५६७ असे. चिन्ह कुठेच नसतं, तरी पैसा न् पैसा जुळतो. बँकांचा जीव या भाषेत का अडकलाय, ते इथे कळतं. मात्र ‘राउंडेड’ लिहिलं नाही, तर पैशाखालचा अपूर्णांक सरळ कापला जातो. व्याजाचा प्रोग्रॅम वाचताना मी आधी तोच शब्द शोधते.