उशिरा सापडलेला कागद

शेजाऱ्या-शेजाऱ्यांतला हद्दीचा वाद हातभर भिंतीवरून सुरू होतो आणि पुष्कळदा एका कागदापाशी येऊन अडतो. साक्षी संपत आलेल्या असतात आणि ट्रंकेच्या तळाशी आजोबांचे खरेदीखत सापडते. न्यायालयाने ते घ्यावे काय?

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचा दंडक असा की, वादीने आधाराचे कागद वादपत्राबरोबर आणि प्रतिवादीने कैफियतीबरोबर हजर करावेत. मागाहूनचा कागद न्यायालयाच्या परवानगीनेच येतो. साक्षीनंतरच्या पुराव्याची स्वतंत्र तरतूद २००२ साली रद्द झाली; तरी न्यायासाठी गरज पडल्यास तो घेण्याचा अंगभूत अधिकार न्यायालयाला आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली सांगितले. अपिलात दार याहून अरुंद. खालच्या न्यायालयाने पुरावा गैरवाजवीपणे नाकारला असेल, योग्य दक्षता घेऊनही तो मिळाला नसेल, किंवा निकालासाठी अपील न्यायालयालाच तो हवा असेल, तरच ते उघडते.

म्हणजे कागदाचे महत्त्व पुरेसे नाही. उशिराचे कारणही पटवावे लागते. आम्हांला हे जाचक वाटत नाही. हातावर पोट असलेला शेजारी प्रत्येक तारखेला रोज बुडवून येतो. धनिकाने दरवेळी नवा कागद काढला तर तो निकालाआधीच हरेल. पण त्याच गरिबाचा खरा कागद उशिरा सापडला, तर केवळ उशिरापायी त्याचे घर जाऊ नये. म्हणून कागद घ्यावा, मात्र समोरच्याला उलटतपासणीची संधी आणि खर्चही द्यावा.

ट्रंक मात्र दाव्याआधीच उपसावी, हे बरे.