दोन मुहूर्तांतलें आयुष्य

पंचवटीचा राम नाशिककरांस घरचा. परंतु वनवासापूर्वीं विरक्त झालेल्या तरुण रामास वसिष्ठांनीं केलेला उपदेश, म्हणजे योगवासिष्ठ, फारसा कोणी उघडीत नाहीं. त्याच्या उत्पत्तिप्रकरणांत लवणराजाची कथा आहे. एक जादुगार भरसभेंत मोरपिसांचा कुंचा फिरवितो आणि राजा निश्चेष्ट होतो. घोडा त्यास अरण्यांत नेतो. भुकेल्यास अन्न देणाऱ्या चांडाळकन्येशीं विवाह, मुलेंबाळें, वार्धक्य, दुष्काळ, शेवटीं अग्निप्रवेश! डोळे उघडतात तों सभेंत दोनच मुहूर्त, म्हणजे ९६ मिनिटें, लोटलेलीं. येथवर नजरबंदी म्हणतां येईल. पण राजा विंध्यारण्यांत शोध घेतो, तों तीच वस्ती, तीच आक्रोश करणारी सासू! हें कसें, असें रामानेंही विचारलें. देश आणि काल मनच घडवितें, हें वसिष्ठांचें उत्तर; सासूच्या अश्रूंपुढें तें जरा अपुरेंच वाटतें.