दिल्लीच्या सभागृहातला वऱ्हाड (लेखांक चौथा) : निवडलेला, तरीही नामनियुक्त

१९१९च्या भारत सरकार कायद्याने मध्यवर्ती विधानसभा हे कनिष्ठ आणि राज्यपरिषद हे वरिष्ठ अशी केंद्रीय कायदेमंडळाची दोन सभागृहे निर्माण केली आणि त्या दोन्हींत वऱ्हाडला प्रत्येकी एक जागा दिली. यवतमाळ, अमरावती, अकोला व बुलढाणा या चार जिल्ह्यांचे म्हणणे देशाच्या सभागृहात मांडण्याची सोय एवढीच होती. मतदानाचा अधिकारही मालमत्ता, शेतसारा वा प्राप्तिकर यांच्या अटींनी थोड्यांपुरता मर्यादित होता. तरीही जागांच्या संख्येपेक्षा त्यांचे कायदेशीर स्वरूप अधिक लक्षणीय आहे.

हैदराबाद कंटिन्जंट या फौजेच्या खर्चापोटी निजामाने १८५३च्या तहाने वऱ्हाड कंपनी सरकारच्या हवाली केला. पुढे १९०२ मध्ये तो वार्षिक २५ लाख रुपयांच्या मोबदल्यात कायमच्या पट्ट्याने ब्रिटिशांकडे आला आणि १९०३ पासून मध्यप्रांताच्या कारभाराला जोडला गेला. पट्टा कायमचा असला तरी सार्वभौमत्व निजामाचेच राहिल्याने वऱ्हाड हा कायद्याच्या परिभाषेत ‘ब्रिटिश हिंदुस्थान’ नव्हता, म्हणून ब्रिटिश हिंदुस्थानच्या कायदेमंडळात तेथून थेट सदस्य निवडून पाठवणे बसत नव्हते. त्यावर नियम असा झाला, की वऱ्हाडात निवडणूक घ्यावी आणि जो विजयी होईल त्याला सरकारने नामनियुक्त करावे, म्हणजे नेमणुकीने सदस्यत्व द्यावे. मतदारांनी निवडलेला माणूस अशा रीतीने कागदोपत्री सरकारनियुक्तांच्या यादीत बसला, आणि सभागृहाच्या वृत्तांतात त्याच्या नावापुढे ‘वऱ्हाडचा प्रतिनिधी’ अशी वेगळी नोंद होऊ लागली. याहून विचित्र गोष्ट अशी, की या प्रतिनिधीने ज्या विधेयकावर भाषण करावे आणि मत द्यावे, ते संमत झाल्यावरही वऱ्हाडला आपोआप लागू होत नसे. परराज्यातील अधिकारक्षेत्राविषयीच्या १९०२च्या हुकुमाखाली ते स्वतंत्रपणे लागू करावे लागे. ही तफावत मोडण्यासाठी खास कायदा व्हायला १९४१ साल उजाडावे लागले.

राज्यपरिषदेतील जागेवर प्रारंभी अमरावतीचे गणेश श्रीकृष्ण खापर्डे होते. कनिष्ठ सभागृहातील जागा मात्र यवतमाळ जिल्ह्याच्या नावाशी कायमची जोडली गेली, ती वणी येथे १८८० मध्ये जन्मलेल्या आणि यवतमाळला वकिली केलेल्या माधव श्रीहरी अणे, म्हणजेच लोकनायक बापूजी अणे यांच्यामुळे. १९२४ पासून १९३० पर्यंत आणि पुन्हा १९३५ पासून १९४१ पर्यंत ते या सभागृहात होते. टिळकांचे अनुयायी असलेल्या अण्यांनी कायदेमंडळ हे लढ्याचेच एक ठाणे मानले, आणि त्याच माणसाने जुलै १९३० मध्ये पुसद येथे जंगल कायदा मोडून अटक करवून घेतली, ही दोन्ही कामे एकाच निष्ठेची होती, असे त्यांच्या चरित्राकडे पाहता म्हणावे लागते. धार्मिक समूहांना वेगळे मतदारसंघ देणाऱ्या ब्रिटिश सरकारच्या जातीय निवाड्याबाबत काँग्रेसने घेतलेली तटस्थ भूमिका न पटल्याने मदनमोहन मालवीयांसह त्यांनी १९३४ मध्ये काँग्रेस राष्ट्रीय पक्ष काढला. १९४१ मध्ये ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात गेले, पण १९४३ मध्ये गांधीजींच्या उपवासाच्या प्रश्नावर त्यांनी ते पद सोडले. विधानसभेत असताना मात्र नियुक्त म्हणून नोंदला गेलेला हा प्रतिनिधी सरकारचा झाला नाही.

स्वातंत्र्यानंतर नामनियुक्तीचा पडदा गेला आणि प्रौढ मताधिकार आला. १९५१-५२च्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत यवतमाळ मध्यप्रदेशात होता, १९५६ मध्ये तो द्विभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. राज्ये बदलली, तरी दिल्लीला जाणाऱ्या खासदाराच्या मतदारसंघाला यवतमाळचे नाव राहिले. खरा बदल २००८च्या परिसीमनाने, म्हणजे लोकसंख्येनुसार मतदारसंघांच्या हद्दी नव्याने आखण्याच्या प्रक्रियेने, झाला. जिल्ह्यातील सात विधानसभा मतदारसंघांपैकी यवतमाळ, राळेगाव, दिग्रस व पुसद हे चार यवतमाळ-वाशीम लोकसभा मतदारसंघात गेले, वणी व आर्णी चंद्रपूरला जोडले गेले, आणि उमरखेड मराठवाड्यातील हिंगोलीत गेला. एकाच जिल्हा परिषदेच्या आणि एकाच जिल्हाधिकाऱ्याच्या क्षेत्रातील शेतकऱ्यांना कापसाच्या भावाचा प्रश्न आज तीन वेगवेगळ्या खासदारांकडे न्यावा लागतो, ही हद्दींच्या गणिताने घेतलेली किंमत लहान नाही. परिसीमनाचे निकष कसे ठरतात आणि जिल्ह्याच्या हद्दी त्यात कोठे मोडतात, याचा विचार पुढील लेखांकात होईल.