दे सिकाच्या स्वयंपाकघरातली मुलगी

इटालियन नववास्तववादाचा इतिहास दिग्दर्शकांच्या नावांनी लिहिला जातो. नट्यांची पाळी आली की लेखणी आन्ना मान्यानीपाशी थांबते. उरलेल्यांना 'रस्त्यावरून उचललेले चेहरे' म्हटलं की भागतं. मारिया पिया कासिलिओ हिला या रांगेत उभं करणं मला तरी पटत नाही.

१९३५ साली लाक्विलाजवळच्या पागानिका गावात ती जन्मली. अभिनयाचा गंध नसलेल्या या पोरीला वित्तोरिओ दे सिकाने 'उंबेर्तो डी'मध्ये (१९५२) घेतलं. पेन्शन पुरत नाही म्हणून भाडं थकलेला म्हातारा, आणि त्याच्या घरमालकिणीकडची मोलकरीण मारिया. मारियाला दिवस गेलेत; बाप नेपल्सचा शिपाई की फ्लॉरेन्सचा, हे तिलाच ठाऊक नाही.

सकाळी ती डोळे चोळत उठते. भिंतीवर काडी ओढून गॅस पेटवते, भिंतीवरच्या मुंग्यांवर पाणी मारते. मग कॉफी दळायला बसते. हात फिरतोय, डोळ्यांतून पाणी वाहतंय. आणि तेवढ्यात पाय लांबवून बोटांनी दार ढकलायची खटपट. संवाद नाही, घटना म्हणावी असं काही नाही. आंद्रे बाझँसारख्या समीक्षकाने या प्रसंगाला डोक्यावर घेतलं, पण श्रेय गेलं दे सिका आणि पटकथाकार झावात्तिनी यांना. त्यांचं ते होतंच. तरी रडणं न दाखवता रडायचं, हे सोळा-सतरा वर्षांच्या मुलीला जमलं, त्याचं काय?

दे सिकाचे इतर हौशी नट पुढे कुठे गेले? 'उंबेर्तो'चे नायक कार्लो बात्तिस्ती भाषाशास्त्राचे प्राध्यापक. अभिनय त्यांच्यासाठी एका चित्रपटापुरताच. 'बायसिकल थीव्हज'चा नायक लाम्बेर्तो माज्योरानी कारखान्यात परतला आणि तिथली नोकरीही गमावून बसला. कासिलिओने मात्र यालाच पेशा केलं.

अर्थात इंडस्ट्रीने तिला एकाच कप्प्यात घातलं. साधीभोळी गावंढळ मुलगी, नाहीतर मोलकरीण! मार्सेल कार्नेच्या 'तेरेझ राकँ'मध्ये (१९५३) ती पुन्हा मोलकरीणच, हॉटेलातली. नायिका सिमोन सिन्योरे असताना तिच्या वाट्याला येऊन किती येणार? पण नायक-नायिकेचा गुन्हा उघड करणारं पत्र टपालात टाकायचं काम तिच्याकडे आहे, आणि ती ते निरागस तत्परतेने करते. शेवटची सगळी भीती त्या निरागसपणात आहे.

कोमेंचिनीच्या 'पाने, आमोरे ए फांतासिया'त (१९५३) ती गावच्या पाद्र्याची भाची झाली. प्रेक्षक अर्थातच जीना लोलोब्रिजिदाला पाहत होते. 'उन अमेरिकानो आ रोमा'त (१९५४) ती अमेरिकेने झपाटलेल्या अल्बेर्तो सोर्दीची प्रेयसी आहे. लोकांना आठवतो तो सोर्दी आणि त्याची स्पगेटी. पण त्याच्या बडबडीपुढे कोणीतरी सरळ चेहऱ्याने उभं राहावंच लागतं.

पुढे भूमिका विरळ झाल्या. मार्लन ब्रँडो, पॉल न्यूमन यांना इटालियन आवाज देणाऱ्या जुझेप्पे रिनाल्दीशी तिने लग्न केलं. २०१२ साली ती रोममध्ये वारली. कुणाला तिचे चित्रपट पाहायचे असतील, तर मी कार्नेपासून सुरुवात करायला सांगेन, 'उंबेर्तो' त्यानंतर.