चालता चालता, खाता खाता पालेर्मो

मैत्रिणींनो, परगावी गेलं की आपण देवळं बघतो, राजवाडे बघतो, फोटो काढतो. मंडई मात्र बघायची राहून जाते. मला विचाराल तर गाव कळतं ते मंडईतच. तिथल्या बायका काय निवडतात, काय हातात घेऊन परत ठेवतात, कशावर घासाघीस करतात, हे पाहिलं की त्या गावाच्या स्वयंपाकघरात डोकावल्यासारखं होतं. म्हणून ह्यांच्या कामानिमित्त सिसिली बेटावरच्या पालेर्मो शहरात चार दिवस राहायचा योग आला, तेव्हा मी संग्रहालयाचं तिकीट बाजूला ठेवलं आणि ‘खाद्यफेरी’ला नाव नोंदवलं. एक स्थानिक वाटाड्या आठ-दहा जणांना घेऊन जुन्या गल्ल्यांतून पायी हिंडवतो, ठिकठिकाणी थांबून खाऊ घालतो आणि त्या खाण्याची गोष्ट सांगतो. आमची वाटाडी होती पन्नाशीची एक बाई. पायांत साधे सपाट बूट, खांद्याला कापडी पिशवी, अगदी भाजीला निघाल्यासारखी.

मी मासे-मटण खात नाही हे तिला सुरुवातीलाच सांगून टाकलं. आपल्यापैकी ज्या शाकाहारी असतील त्यांनी हे आधीच सांगावं, कारण नावावरून तिथे काही कळत नाही. ‘आरांचिना’ म्हणून भाताचा तळलेला मोठा गोळा मिळतो, नारिंगाएवढा, वरून खरपूस. त्यातल्या एका प्रकाराला ‘लोण्याचा’ म्हणतात. लोणी ऐकून आपण निर्धास्त होणार, पण आत चीजबरोबर डुकराच्या मांसाचे तुकडे असतात! ‘स्फिंचोने’ हा कांदा-टोमॅटो घातलेला जाड, मऊ पाव. दिसतो अगदी निरुपद्रवी, पण त्यात बारीक खारवलेली मासळी असते. ‘सेन्झा कार्ने, सेन्झा पेशे’, म्हणजे मांस नको, मासे नकोत, एवढे शब्द पाठ केले की पुष्कळ काम भागतं.

आमची फेरी तेआत्रो मास्सिमो या भव्य नाट्यगृहापासून निघाली. ते १८९७ साली उघडलं. तिथून दहा मिनिटांत आपण ‘कापो’ बाजारात शिरतो आणि एकदम सगळं बदलतं. अरुंद गल्ली, वर रंगीत छपरं, दोन्हीकडे भाज्यांचे ढीग आणि विक्रेत्यांच्या सुरातल्या आरोळ्या. आरोळ्या ऐकून मला परकं वाटेना.

तिथली वांगी तर बघत राहावीत अशी! जांभळी, गोल, एकेक अर्धा किलोची. वांगं, लिंबू, ऊस हे सगळं सिसिलीत अरबांबरोबर आलं. पालेर्मो वसवलं फिनिशियन व्यापाऱ्यांनी, ख्रिस्तपूर्व आठव्या शतकात. मग रोमन आले, आणि ८३१ साली अरबांनी शहर घेतलं. पुढे १०७२ मध्ये ते नॉर्मन लोकांकडे गेलं. मधल्या त्या अडीचशे वर्षांत इथलं जेवण जे बदललं ते कायमचं. ९७३ मध्ये इब्न हौकल नावाचा अरब प्रवासी इथे येऊन गेला. त्याने शहरातल्या शेकडो मशिदी आणि बाजार यांचं वर्णन केलं, आणि जाता जाता इथल्या लोकांवर ठपकाही ठेवला की ही मंडळी कच्चा कांदा फार खातात, त्याने त्यांची बुद्धी मंद झाली आहे! भाकरी-कांदा खाणाऱ्या आपल्या लोकांबद्दल हा गृहस्थ काय म्हणाला असता कोण जाणे.

शेवयांसारख्या वाळवलेल्या पास्त्याचा उल्लेखही इथलाच. इद्रिसी या भूगोलकाराने ११५४ मध्ये लिहून ठेवलंय की पालेर्मोजवळच्या त्राबिया गावी असा पास्ता पुष्कळ होतो आणि जहाजांत भरून दूरदूर जातो. मार्को पोलोने चीनहून पास्ता आणला, ही गोष्ट आपण शाळेत ऐकलेली असते. पण त्याचा जन्मच १२५४ चा, म्हणजे या नोंदीनंतर शंभर वर्षांनी. मी शाळेत अर्धवेळ शिकवते, तेव्हा ही दुरुस्ती मुलांना सांगायला मला भारी मजा येते.

एका ढिगापाशी मी थबकलेच. हिरवेगार कोवळे वेल, त्यांना पानं आणि तणावे, जुडी बांधून ठेवलेली. शेजारी हातभर लांब, फिकट हिरवा भोपळा. तो आपला दुधीच की! तिथे त्याला कुकुत्सा म्हणतात आणि वेलाच्या शेंड्यांना तेनेरूमी. उन्हाळ्यात तेनेरूमी चिरून, टोमॅटो आणि लसूण घालून, त्यात मोडलेला पास्ता शिजवून पातळसर सूप करतात. दुधी विकत घेणारी पण वेल टाकून देणारी मी, त्या जुडीकडे पाहून जरा विचारात पडले.

आणखी एक गोष्ट मला फार आवडली. बाजारातच उकडलेले बटाटे, उकडलेल्या शेंगा आणि भट्टीत सालासकट भाजलेले कांदे मिळतात. नोकरीवरून परतणारी बाई ते घेऊन घरी जाते, वर ऑलिव्हचं तेल आणि मीठ घातलं की एक भाजी तयार. यात कोणी तिला आळशी म्हणत नाही.

आता मुख्य गोष्ट. आमच्या बाईने एका गाड्यापाशी उभं केलं आणि हातात पाव दिला. वर तीळ लावलेला गोल पाव, आत पातळ, सोनेरी, तळलेल्या चौकोनी वड्या, वरून लिंबू. एक घास घेतला आणि मी म्हटलं, अगं बाई, ही तर आपली पाटवडी! तिला म्हणतात ‘पानेल्ले’. हरभऱ्याचं पीठ पाण्यात शिजवून, थापून, कापून तळायचं, बस्स. आपण पाटवडी तळत नाही, रश्श्यात सोडतो किंवा तशीच खातो, एवढाच फरक. बरोबर बटाट्याची लांबट क्रोकेट. पालेर्मोच्या मजुराचं, शाळकरी पोराचं दुपारचं खाणं हेच. पाव, बेसन, बटाटा. आपल्या वडापावचा सख्खा चुलतभाऊ म्हणा ना. मात्र काही गाड्यांवर एकाच कढईत सगळं तळतात, तेव्हा कडक शाकाहारी असाल तर विचारून घ्या.

पुढे ‘वुच्चिरिया’ बाजार. हे नाव फ्रेंचमधल्या खाटिकखान्याच्या शब्दावरून पडलं, पण आता सिसिलीच्या बोलीत त्याचा अर्थच गोंगाट, गलका असा झालाय. रेनातो गुत्तुसो या चित्रकाराने १९७४ मध्ये याच बाजाराचं मोठं चित्र काढलं, त्यात मासे, फळं, मांस यांची नुसती रेलचेल आहे. आज मात्र भाजीवाले थोडेच उरलेत, रात्री तरुण पोरं प्यायला जमतात. खरं सांगते, मला तिथे थोडं उदास वाटलं.

इथेच आमच्या गटातल्या एका जोडप्याने पावात प्लीहा घातलेलं खाणं खाल्लं. वासराची प्लीहा आणि फुफ्फुस उकडून डुकराच्या चरबीत परततात. मी लांबूनच पाहिलं. पण त्याची गोष्ट ऐकण्यासारखी आहे. पूर्वी इथल्या यहुदी खाटकांना धर्माप्रमाणे जनावर कापण्याचे पैसे घेता येत नसत, म्हणून मोबदल्यात आतडी-काळीज मिळे, त्यातून हा धंदा निघाला असं सांगतात. १४९२ मध्ये स्पेनच्या राजाने यहुद्यांना हाकलून दिलं आणि खाणं मात्र मागे राहिलं. या पावाचे दोन प्रकार. नुसतं लिंबू पिळलेला तो ‘अविवाहित’, आणि चीज घातलेला तो ‘विवाहित’! लग्न झालं की अंगावर भर येतो हे तिथेही सर्वमान्य दिसतं.

गरिबीने शिकवलेली अशी चतुराई इथे पानोपानी भेटते. श्रीमंतांच्या टेबलावर बेक्काफिको नावाचे छोटे पक्षी भरून वाढत. गरीब घरच्या बाईने स्वस्तातले सार्डिन मासे घेतले, त्यात पावाचा चुरा, बेदाणे भरले, शेपटी पक्ष्यासारखी वर काढली, आणि नावही तेच ठेवलं. चीज परवडत नाही? मग पावाचा चुरा तेलात खमंग भाजून पास्त्यावर भुरभुरवायचा. आणि सार्डिनचा पास्ता करायचाय पण सार्डिनच घेता आले नाहीत? बाकीचं सगळं घालायचं, बडीशेपेचा रानपाला, बेदाणे, चुरा, आणि ताटात वाढताना सांगायचं, ‘हा सार्डिनचा पास्ता, फक्त सार्डिन अजून समुद्रात आहेत!’ खरंच, त्या पदार्थाचं हेच नाव आहे. महिनाअखेरीस फोडणीचं पाणी करून त्याला आमटी म्हणणाऱ्या आपल्या आज्या त्या बायकांना कडकडून भेटल्या असत्या.

चालता चालता आमच्या बाईने एका दुकानाच्या दारावरची लहानशी चिठ्ठी दाखवली आणि तिचा आवाज जरा खाली आला. पालेर्मोत वर्षानुवर्षं दुकानदारांकडून गुंड टोळ्या हप्ता वसूल करत आल्या. त्याला ‘पित्सो’ म्हणतात. म्हणजे आपण घेतलेल्या किलोभर वांग्यातले चार पैसे कुणाच्या खिशात जातात, हा प्रश्न आलाच. लिबेरो ग्रास्सी नावाचे एक कारखानदार होते, पायजमे आणि आतले कपडे बनवणारे. १९९१ च्या जानेवारीत त्यांनी वर्तमानपत्रात उघड पत्र छापून हप्ता द्यायला नकार दिला. बाकीच्या व्यापाऱ्यांनी पाठ फिरवली. २९ ऑगस्ट १९९१ रोजी सकाळी घराबाहेरच त्यांना गोळ्या घातल्या. त्यांच्या पत्नी पीना मात्र घरात बसल्या नाहीत. पुढच्याच वर्षी त्या सेनेटवर निवडून गेल्या आणि २०१६ मध्ये जाईपर्यंत या प्रश्नावर बोलत राहिल्या. २००४ मध्ये काही तरुण मुलांनी एका रात्रीत शहरभर चिठ्ठ्या चिकटवल्या आणि ‘आद्दियोपित्सो’, म्हणजे हप्त्याला रामराम, ही चळवळ उभी केली. जो दुकानदार हप्ता देत नाही त्याच्या दारावर त्यांची खूण, आणि गिऱ्हाइकांनी खरेदी तिथेच करायची. आमची बाई म्हणाली, “मी माझा पाव याच खुणा बघून घेते.” मी त्या दुकानातून केपर्सची पुडी घेतली. महाग होती, पण घेतली.

क्वात्त्रो कांतीच्या चौकातून (चार कोपऱ्यांना चार सजवलेल्या भिंती, सतराव्या शतकाच्या आरंभीच्या) आपण प्रेतोरिया कारंज्यापाशी येतो. त्यावर इतके उघडे पुतळे आहेत की लोकांनी त्याला ‘लाजेचं कारंजं’ नाव ठेवलं. आणि गंमत म्हणजे समोरच सांता कातेरिनाचा जोगिणींचा मठ! हा मठ चौदाव्या शतकातला. घरात चार मुली असल्या की सगळ्यांना हुंडा कुठून द्यायचा, म्हणून घरंदाज लोक एखादीला मठात ठेवत. एकदा आत गेलेली मुलगी पुन्हा बाहेर पडत नसे. अशा मुलींनी या भिंतींआड बदाम, साखर आणि ताज्या चीजच्या मिठाया केल्या, त्या भिंतीतल्या फिरत्या लाकडी चाकावर ठेवून विकल्या. घेणाऱ्याला हात दिसायचा नाही की चेहरा. शेवटच्या जोगिणी २०१४ मध्ये मठ सोडून गेल्या. आता त्याच जागी जुन्या कृतींनी मिठाया करून विकतात, आणि आतल्या संत्र्यांच्या झाडांच्या अंगणात बसून खाता येतात. मी तिथे बदामाच्या पिठाचं रंगवलेलं फळ खाल्लं. हुबेहूब अंजीर! गोड लागलं, पण घशाखाली जरा अडकत उतरलं.

‘कान्नोलो’ मात्र जरूर खा. तळलेली कुरकुरीत नळी, आत मेंढीच्या दुधाच्या रिकोत्ताचं सारण. चीज करून उरलेलं पाणी पुन्हा तापवून जे निघतं ते रिकोत्ता. इथेही वाया काही घालवायचं नाही. पण आधी भरून ठेवलेला कान्नोलो घेऊ नका, नळी मऊ पडते. समोर भरून मागा. नळीच्या पिठात पुष्कळदा डुकराची चरबी असते, तेव्हा विचाराच. मी नुसतं सारण वाटीत मागून घेतलं, दुकानदार हसला पण दिलं.

फेरी साडेतीन तासांत संपली. दुसऱ्या दिवशी मी एकटीच सगळ्यांत जुन्या ‘बाल्लारो’ बाजारात गेले आणि कापोनाता घेतली. तळलेलं वांगं, सेलरी, ऑलिव्ह, केपर्स, टोमॅटो, व्हिनेगर आणि साखर. आंबटगोड, गार खायची, आणि दुसऱ्या दिवशी जास्त मुरलेली.

जाणाऱ्यांसाठी एवढंच सांगते. फेरी सकाळची घ्या, दुपारी बाजार पेंगतो. न्याहारी टाळा. चपला घसरणाऱ्या नकोत, तिथला दगड पावलांनी गुळगुळीत झालाय.

आणि ज्यांना जायचं नाही त्यांनी घरी पानेल्ले करा. पाव किलो हरभऱ्याच्या डाळीचं पीठ, पाऊण लिटर गार पाणी. पाणी थोडंथोडं घालून गुठळ्या मोडा, मीठ घाला, मंद आचेवर एकसारखं ढवळत वीस-पंचवीस मिनिटं शिजवा. कडेने सुटायला लागलं की मिरपूड आणि बारीक कोथिंबीर (तिथे पार्सली घालतात). तेलाचा हात लावलेल्या ताटात अगदी पातळ थापा, अर्ध्या सेंटीमीटरहून जाड नको. पुरतं गार झाल्यावर कापा आणि कडक तापलेल्या तेलात तळा. पीठ गरम असताना कापाल तर वड्या फुटतील. पावात घालून वर लिंबू पिळायचं. चिंचेची चटणी लावायचा मोह होतो, पहिल्यांदा तरी आवरा.