जावांतील तांदळाचें पेय

जावा बेटांतील ‘जामू’ नांवाच्या वनौषधी पेयांची परंपरा २०२३ सालीं युनेस्कोच्या वारसायादींत आली. ती शिकूं इच्छिणाऱ्या प्रवाशानें, पाठीवर बाटल्यांची टोपली बांधून दारोदार हिंडणाऱ्या बायांच्या चुलीपाशीं बसावें, असें आम्हांस वाटतें; तेथें माप हाताचें.

गोंदियाच्या धान पिकविणाऱ्यांस त्यांतील ‘बेरास केंचूर’ जवळचें वाटेल. तांदूळ कांहीं तास भिजवावे, केंचूर या आल्याच्या कुळांतील कंदासह बारीक वाटावे, चिंच-गूळ घालून उकळून निवविलेल्या पाण्यांत कालवावे व फडक्यानें गाळावे. आपण कमी दरानें देऊन टाकतों ती गिरणींतील कणीही वाटणास चालेल. केंचूर न मिळाल्यास ओली हळद व चिंच उकळून, गूळ घालून ‘कुन्यित आसाम’ करावें. उरलेलें लवकर आंबतें. ज्वरांत मात्र वैद्यास बोलवावें.